मेस्त्रींचा निळा

एका फार मोठ्या नटाचे कान मला पाठ आहेत. नाव सांगणार नाही, कारण त्यांनी माझं काही वाकडं केलेलं नाही आणि कान लाल असणं हा काही गुन्हा नाही. पण ते उन्हाकडे पाठ करून उभे राहिले की मागून उजेड येऊन त्यांचे कान असे पेटायचे, की प्रेमाच्या प्रसंगात नायिकेकडे कुणाचं लक्षच जाऊ नये. एक अख्खा उन्हाळा मी ते कान विझवण्यात घालवला. त्या नटाला मात्र मी आयुष्यात भेटले नाही. त्यामुळे आमच्या मंडळाच्या दिवाळी अंकाच्या संपादिकाबाईंचा फोन आला, "शैलाताई, तुम्ही इतकी वर्षं हॉलीवूडमध्ये होतात, स्टार्सचे किस्से लिहा ना," तेव्हा मी म्हटलं, माझ्याकडे स्टार्स नाहीत, त्यांचे कान आहेत. त्या हसल्या, डेडलाइन सांगितली आणि मोकळ्या झाल्या.

मी लॉस एंजेलिसच्या एका फिल्म लॅबमध्ये कलर टायमर होते. मुंबईच्या लॅबमध्ये ह्याच कामाला आम्ही ग्रेडिंग म्हणायचो. इथे टायमर म्हणतात, त्यामुळे नवऱ्याच्या ऑफिसातल्या मंडळींना बरेच दिवस वाटत होतं की मी घड्याळं दुरुस्त करते. काम खरं तर साधं आहे. सिनेमातला एक प्रसंग पडद्यावर पाच मिनिटांत संपतो, पण तो काढायला दोन दिवस लागतात. नायकाचा चेहरा सकाळच्या उन्हात टिपलेला असतो, त्याला उत्तर देणारी नायिका दुपार कलल्यावर. दोन्ही तुकडे एकापुढे एक जोडले की तो गोरा दिसतो आणि ती कावीळ झाल्यासारखी. मग टायमर बसतो आणि एकेका तुकड्याचा रंग दुसऱ्याशी जुळवत जातो. प्रेक्षकाला काही कळलं नाही म्हणजे काम चांगलं झालं. अशा धंद्यात कौतुक कुणाचं व्हायचं?

निगेटिव्हमधून उजेड पाठवून दुसऱ्या फिल्मवर प्रिंट काढतात, आणि तो उजेड तीन दिव्यांचा असतो: लाल, हिरवा, निळा. टायमरच्या हातात हे तीन दिवे. गंमत अशी की सगळा कारभार उलटा. पडद्यावर निळं हवं असेल तर निळा दिवा कमी करायचा. नवीन पोरं लागली की पहिला महिनाभर त्यांच्या प्रिंटा बघण्यासारख्या असत.

आता माझ्याबद्दल. मला एका जागी बसवत नाही, हा माझा जन्मजात दोष, आणि देवाने धंदा दिला तो अंधारात तासन् तास बसायचा. माझा पाय सतत हलतो. प्रोजेक्शनवाल्याने माझ्या खुर्चीला दोनदा तेल घातलं. घरीही तेच. २००१ साली मी लॅबमध्ये लागले आणि त्याच सुमाराला नवऱ्याची, शिरीषची, सांता क्लाराची कंपनी बसली. मग तो मिशिगनमधल्या नोव्हायला गेला, गाड्यांच्या कंपनीत. मी आणि आमची मुलगी मुक्ता बरबँकच्या अपार्टमेंटमध्ये राहिलो. "वर्षभरात काहीतरी ठरवू," असं आम्ही दर वर्षी म्हणायचो. सांता क्लाराहून आणलेली काचेची भांडी खोक्यांतच होती, कारण पुन्हा हलायचंच आहे तर सोडायची कशाला? पाहुणे आले की कागदी ताटल्या. सणासुदीलाही कागदी ताटल्या. रात्री फोनवर शिरीष तिकडच्या बर्फाचं सांगायचा, मी इकडच्या कानांचं.

गिऱ्हाईक म्हणजे आमचे सिनेमॅटोग्राफर, आपल्याकडे सरळ कॅमेरामन म्हणतो ते. प्रिंट निघाली की टायमर आणि कॅमेरामन शेजारीशेजारी बसून बघतात. तो अंधारात बोलतो, टायमर ऐकतो. प्रत्येकाची भाषा निराळी. एक जण नुसता हुंकार द्यायचा, आणि त्या हुंकारांचे अर्थ मला दोन सिनेमांनंतर लागले. एक म्हणायचा, "हा सीन मला गुरुवारसारखा हवा." गुरुवारचा रंग कुठला, हे मी त्याला विचारलं नाही. माझा गुरुवार पिवळा, तो मी दिला, आणि तो खूश झाला. एक जण बायकोला घेऊन यायचा आणि सगळ्या सूचना तीच करायची. तिची नजर त्याच्यापेक्षा चांगली होती, म्हणून आम्ही सगळेच गप्प राहायचो.

वाद घालायचा नाही, हा आमचा साहेब ग्लेन ह्याचा नियम. कामाला लागले त्याच दिवशी त्याने मला सांगितलं होतं, "आय त्यांचा, हँड तुझा." म्हणजे कसं दिसायला हवं ते कॅमेरामन ठरवणार, आपण फक्त ते करून द्यायचं. एकदा सांगून बघायचं, दुसऱ्यांदा सांगायचं नाही.

ह्या नियमाची परीक्षा बघायला आला दुआर्ते.

तो पोर्तुगालचा, पोर्तो गावचा. पासष्टीच्या घरातला, किडकिडीत, कायम एकाच जातीचं खादीसारखं जॅकेट. युरोपात त्याने चाळीसेक वर्षं काम केलं होतं, सिनेमाच्या शाळांमध्ये त्याचे सिनेमे दाखवत. म्हातारपणी अमेरिकेत बोलावणं आलं आणि तो आला. पहिल्या दिवशी त्याने चहा मागितला आणि तो "चा" म्हणाला. मी म्हटलं, आम्हीही चाच म्हणतो. मग आमचा खेळ सुरू झाला. चावी त्यांच्याकडेही चावीच्याच जवळपास. साबण, बटाटा, पगार, सगळं एकेक निघत गेलं. पगार म्हणजे त्यांच्याकडे पैसे देणं. तो शब्द ऐकून तो म्हणाला, "आम्ही तुमच्याकडे आलो आणि हा शब्द ठेवून गेलो, म्हणजे द्यायचं बहुतेक राहून गेलं असणार." आमच्याकडे सुताराला मेस्त्री म्हणतात आणि तो शब्दही त्यांच्याकडून आलाय, हे सांगितल्यावर तर त्याने खुर्चीच्या हातावर थाप मारली. लॅबमध्ये सगळे त्याला मोठमोठ्या पदव्यांनी हाका मारायचे, त्याला ते आवडायचं नाही. मेस्त्री चालेल म्हणाला. तेव्हापासून ते माझे मेस्त्री, आणि मनातल्या मनात मी त्यांना अहो-जाहो करायला लागले.

त्यांची एक पद्धत मी दुसऱ्या कुणाची पाहिली नाही. रीळ लावायच्या आधी ते प्रोजेक्टर मोकळाच चालवायला सांगायचे. फिल्म नाही, नुसता पांढरा पडदा. तो उजेड बघत थोडा वेळ बसायचं. "डोळे धुऊन घेऊ," म्हणायचे. बाहेरून आपण सूर्य, गाडी, भिंती, काय काय डोळ्यांत घालून येतो, ते निघून जाऊ दे, मग सिनेमा. माझा पाय तेव्हाही हलत असायचा, पण मला ते आवडायचं. बाकीचे लोक मोबाइल खिशात टाकता टाकता "रोल इट" म्हणायचे.

आमचा पहिला सिनेमा अमेरिकेच्या ईशान्य टोकाच्या मेन राज्यातला, तिथल्या किनाऱ्यावरचा होता. एका कोळी कुटुंबाची गोष्ट, थंडी, समुद्र, आणि नवऱ्याची वाट बघणारी एक बाई. मी निगेटिव्ह बघून माझ्या अंदाजाने पहिली प्रिंट काढली. तिच्या अंगावर तपकिरी लोकरी कोट, मागे राखी समुद्र, तिच्या गालांवर थंडीने आलेली लाली. मला स्वतःला ती प्रिंट फार आवडली होती. मेस्त्रींनी ती बघितली आणि म्हणाले, फार ऊबदार आहे, निळं कर. मी केलं. अजून. अजून केलं. नियमाप्रमाणे मी एकदा सांगितलं की मेस्त्री, आता कोट काळा दिसायला लागलाय. ते म्हणाले, "मी तिथे उभा होतो. मला माहीत आहे तो कसा होता." मी गप्प बसले. पहिली प्रिंट बाद म्हणून शिक्का मारून खाली गेली. बाद प्रिंटा लॅब ठेवत नाही, बाहेर कुणाच्या हाती लागू नयेत म्हणून त्यांचे तुकडे करतात.

तो सिनेमा लागला आणि गाजला. गोष्टीपेक्षा त्याचा रंगच गाजला. पेपरवाल्यांनी त्या निळ्यात काय काय पाहिलं! एकाकीपण, अमेरिकन निराशा, युरोपची खिन्नता. मग नवे नवे कॅमेरामन लॅबमध्ये येऊन सांगायला लागले, "आम्हाला तो ब्लू पाहिजे." ग्लेनने त्याला 'दुआर्ते ब्लू' असं नावच देऊन टाकलं. मी घरी येऊन मुक्ताला सांगायचे की आज तीन जण आले, तिघांनाही मेस्त्रींचा निळा हवाय. एकाचा तर कॉलेजातल्या पोरांचा विनोदी सिनेमा होता. तोही निळा करून दिला. थट्टामस्करी करणारी ती पोरं बर्फात गाडल्यासारखी दिसत होती.

मेस्त्रींचा दुसरा सिनेमा २००६ साली आला. न्यू मेक्सिकोतल्या वाळवंटातलं घर, तिथे एक आई आणि बऱ्याच वर्षांनी तिला भेटायला आलेली मुलगी. दिग्दर्शिका केट, पस्तिशीची, तिचा हा पहिलाच सिनेमा. मेस्त्रींच्या पाया पडायची तेवढी बाकी होती. ह्या वेळी पांढरा पडदा लागला तसे मेस्त्री म्हणाले, दिवा म्हातारा झालाय, पिवळा पडलाय, बदला. प्रोजेक्शनवाल्याने बदलला. पुढच्या वेळी पुन्हा तेच. त्याने पुन्हा नवा लावला आणि मला बाजूला घेऊन म्हणाला, हा काल उघडलाय, मॅम, ह्याच्यापेक्षा पांढरा दिवा कंपनी बनवत नाही. तिसऱ्या वेळी तर त्याने दिवा बदललाच नाही, नुसतं बदलला म्हणून सांगितलं. मेस्त्री म्हणाले, "तरी पिवळाच."

आणि प्रिंट निळी, निळी, आणखी निळी. वाळवंटातलं ते घर गार पडत चाललं. त्या आईचा चेहरा तर मला बघवेना. गोष्टीत ती सुरुवातीला छान हसतीखेळती असते, शेवटी आजारी पडते. आमच्या प्रिंटमध्ये ती पहिल्याच रिळात गेलेली होती.

त्या उन्हाळ्यात सासूबाई आल्या होत्या, सोलापूरहून. नुकतीच दोन्ही डोळ्यांची मोतीबिंदूची ऑपरेशनं झालेली. सकाळी मी त्यांना कपात दूध दिलं तर कप धरून बघतच राहिल्या.

"अगं शैला, तुमच्याकडचं दूध निळं कसं?"

मुक्ता म्हणाली, "आजी, इट्स टू पर्सेंट फॅट. पाणी असतं त्यात."

"दुधाचं जाऊ दे गं. माझं पांढरं पातळही निळंच दिसतंय. ऑपरेशन झाल्यापासून सगळंच असं धुतल्यासारखं. आणि मी इतकी वर्षं समजत होते की घराच्या भिंती पिवळ्या आहेत."

मी गॅसपाशी उभी होते आणि माझा पाय हलायचा थांबला. मोतीबिंदू वाढत जातो तसा डोळ्यापुढे पिवळा काचेचा तुकडा धरल्यासारखं होतं. निळा उजेड त्यातून आत येतच नाही. आणि हे इतकं हळूहळू होतं की माणसाला कळत नाही. तो दिव्याला दोष देतो. निळं कमी दिसतं म्हणून जास्त मागतो. दिलं तरी त्याला ते कमीच दिसतं.

त्या दिवशी मी गाडीतून लॅबला जाताना दोन वेळा चुकीच्या लेनमध्ये गेले. सांगायचं तर कुणाला? ग्लेनला सांगितलं तर तो निर्मात्याला सांगणार. निर्माता आधीच कुरकुरत होता. तो सिनेमा आमच्याकडून काढून घेऊन कॉम्प्युटरवर रंग करणाऱ्या एका नव्या कंपनीला द्यायचा, मेस्त्रींना न बोलावता, असं त्याचं चाललं होतं. त्यात डोळ्यांचं कळलं की संपलंच. इथे शूटिंगचा विमा असतो. ज्या कॅमेरामनचे डोळे गेलेत त्याचा विमा कोण उतरवणार? तोंडोतोंडी बातमी पसरली असती आणि म्हातारा पुन्हा कॅमेऱ्यामागे उभा राहिला नसता. आणि न सांगावं तर त्यांच्या नावावर हा मढ्यासारखा सिनेमा लागणार. केट एकदा जिन्यात मला गाठून म्हणाली (शैला तिच्या तोंडी कधी बसलं नाही), "शीला, तुला विचारते. हे असंच हवं असतं का? मलाच कळत नाहीये का?" तिच्या डोळ्यांत पाणी होतं. मी म्हटलं, दोन दिवस दे.

मी असं केलं. स्वयंपाकघराच्या खिडकीपाशी उभ्या असलेल्या त्या आईचा एकच शॉट दोनदा छापला. एकदा माझ्या दिव्यांनी, एकदा मेस्त्रींच्या. दोन्ही तुकडे एकापुढे एक जोडले. मेस्त्रींना एकट्यांनाच बोलावलं. पांढरा पडदा झाला, डोळे धुऊन झाले, आणि मी ते लावायला सांगितलं. पडद्यावर आधी उन्हात उभी असलेली एक बाई आली, आणि मग तीच बाई, बर्फाच्या लादीवर ठेवावी तशी. मला तर दचकायला झालं.

"एकच शॉट दोनदा का दाखवतेस?" मेस्त्रींनी विचारलं.

"दोन्ही सारखे आहेत?"

"दुसरा जरा काळपट. बाकी तोच. दिवे उगाच खेळवू नकोस."

मी पुन्हा लावायला सांगितलं. पुन्हा तेच उत्तर. आता बोलण्यावाचून गत्यंतर नव्हतं, आणि मला गोड बोलून सांगता येत नाही, कधीच आलं नाही.

"मेस्त्री, पहिल्या शॉटमध्ये बाई जिवंत आहे. दुसऱ्यात मेलेली दिसते. दोन्हींत इतका फरक आहे. दिवा नवा आहे. डोळे तपासून घ्या."

प्रोजेक्टर तसाच चालू होता, मोकळा. मग त्यांनी विचारलं, "कुणाकुणाला माहीत आहे?"

"मला. आणि माझ्या सासूबाईंना."

"त्या काय करतात?"

"दूध पितात," मी म्हटलं, आणि मग सगळं सांगितलं. ते हसले नाहीत. जॅकेट उचललं आणि बाहेर गेले. जाताना दारात थांबून म्हणाले, "समुद्राचा सिनेमासुद्धा?" मी मानेनेच हो म्हटलं.

पुढचा आठवडा मी कसा काढला ते विचारू नका. फोन वाजला की उठायचे, दार वाजलं की उठायचे. ग्लेन विचारायचा, तुझा म्हातारा कुठे आहे, आणि मी सर्दी झालीय म्हणून सांगायचे. शिरीषला फोनवर म्हटलं, बहुतेक मी एका माणसाचं आयुष्य मोडलं. तो म्हणाला, इकडे ये, नोव्हायला, इथे कुणाला रंगाशी घेणंदेणं नाही, सहा महिने सगळं पांढरंच असतं. त्याने हसवायला म्हटलं होतं, पण मी चिडले आणि फोन ठेवून खोक्यातली भांडी काढायला बसले. चार बशा काढल्या, पुसल्या, आणि पुन्हा आत ठेवल्या.

मेस्त्री आले ते एका सकाळी, दाढी वाढलेली. डॉक्टरकडे जाऊन आले होते. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, चांगले पिकलेले. ऑपरेशन सोपं होतं, पण दोन्ही डोळे व्हायला आणि नजर बसायला वेळ लागणार आणि सिनेमा द्यायची तारीख जवळ आलेली. शिवाय पट्टी बांधून लॅबमध्ये आले असते तर निर्मात्याला आयतंच कारण मिळालं असतं. मला वाटलं, आता ते म्हणतील, तूच कर तुझ्या नजरेने. ते तसं म्हणाले नाहीत. खुर्ची फिरवली, पडद्याकडे पाठ केली आणि माझ्यासमोर बसले.

"मला दिसत नाही, पण मी तिथे होतो," ते म्हणाले. "मी सांगतो, तू कर."

आणि त्यांनी सांगितलं. सगळा सिनेमा, शॉटमागून शॉट. स्वयंपाकघराची भिंत सकाळी पावाच्या आतल्या रंगाची होती आणि दुपारी पावाच्या वरच्या रंगाची. आईच्या खोलीत पडदे धुऊन धुऊन विटलेले होते, त्यांतून आलेला उजेड ताकासारखा. मुलगी गाडीतून उतरते तेव्हा धूळ उडते, ती लाल नाही, तिखट जुनं झाल्यावर होते तशी. तिखट हा शब्द माझा. ते दुसऱ्या कुठल्या तरी मसाल्याचं नाव घेत होते, मी माझ्याकडचं सांगितलं, ते म्हणाले, हां, तेच. मी पडदा बघायचे, ते माझं तोंड बघायचे. कुठे मी भुवई वाकडी केली की थांबवायचे, "काय चुकलं?" इतकी वर्षं हे काम केलं, पण कुणी मला इतकं नीट बघितलेलं मला आठवत नाही. केटला आम्ही सांगितलं होतं. ती मागच्या रांगेत बसून असायची. ग्लेन एकदा डोकावला, कॅमेरामन पडद्याकडे पाठ करून बसलेला बघितला, आणि काही न विचारता दार ओढून गेला.

सिनेमा वेळेत गेला. निर्मात्याला शेवटपर्यंत काही कळलं नाही. कोणी त्याच्या रंगाबद्दल पेपरात ओळ लिहिली नाही, कारण तो रंग कुणाला दिसलाच नाही. त्या प्रिंटचा मला जेवढा अभिमान आहे तेवढा दुसऱ्या कशाचा नाही.

मग मेस्त्री पोर्तोला गेले आणि २००८ साली पुन्हा एकदा आले, कुठल्या तरी सिनेमाच्या शाळेने बोलावलं म्हणून. तोवर आमच्या लॅबचे दिवस भरत आले होते. सगळे कॉम्प्युटरकडे चालले होते, छापायची अर्धी यंत्रं प्लास्टिकखाली झाकलेली. शिरीषला टेक्सासमधल्या फ्रिस्कोला नोकरी मिळाली होती आणि ह्या वेळी मीही जाणार होते. मेस्त्री सरळ माझ्याकडे आले. आज-उद्या करत डाव्या डोळ्याचं ऑपरेशन नुकतंच झालं होतं, उजव्याचं पुढच्या महिन्यात ठरलेलं. म्हणाले, चल, बघू.

आधी पांढरा पडदा. त्यांनी तळहाताने उजवा डोळा झाकला आणि बघितलं, मग डावा झाकला. "त्या प्रोजेक्शनवाल्याची माफी मागायला हवी," म्हणाले. मग वाळवंटातल्या सिनेमाचं रीळ लावलं, नव्या डोळ्याने. स्वयंपाकघर आलं. त्यांनी नुसती मान डोलावली, आणि माझ्या दंडावर हात ठेवला. मला रडू आलं, लपवत नाही.

मग त्यांनी समुद्राचा सिनेमा मागितला. मी टाळाटाळ केली, पण त्यांनी ऐकलं नाही. नव्या डोळ्याने त्यांनी तो बघितला. निळा किनारा, निळी बाई, काळा कोट. मला वाटलं होतं ते संतापतील. ते नुसते आक्रसून बसले. एवढंच म्हणाले, "लोकांनी ह्याचं कौतुक केलं?"

मी म्हटलं, खूप केलं.

मग त्यांनी डावा डोळा झाकला आणि उजव्याने, जुन्या डोळ्याने, पडद्याकडे बघितलं. आणि त्यांचे खांदे सैल पडले. "हा," ते म्हणाले. "हा माझा सिनेमा." आणि त्यांनी सांगायला सुरुवात केली, जशी वाळवंटाची सांगितली होती तशी. कोट तपकिरी आहे, लोकर दिसते आहे. समुद्र राखेसारखा. गालांवर थोडी लाली, थंडीची.

मी ऐकत होते. हे सगळं मी बघितलेलं होतं. पिवळ्या डोळ्याने ही निळी प्रिंट बघितली की दिसतं ते नेमकं काय, हे मला तेव्हा उमगलं. ती माझी पहिली प्रिंट होती. मी माझ्या अंदाजाने काढलेली, त्यांनी बाद केलेली, तुकडे होऊन गेलेली. त्यांना पहिल्यापासून तीच हवी होती. ती मी त्यांच्यासमोर लावली होती आणि त्यांना ती दिसली नव्हती. मी त्यांना हे सांगितलं, कारण त्यांना सांगितल्याशिवाय मला राहवलं नसतं.

त्यांनी डोळ्यावरचा हात काढला नाही. "चांगली होती?"

"बरी होती."

"शैला."

"चांगली होती, मेस्त्री. फार चांगली होती."

पुन्हा काढता येईल का, असं त्यांनी विचारलं. निगेटिव्ह कंपनीच्या मालकीची, आणि ज्या रंगाने सिनेमा गाजला तो बदलायला ते कशाला परवानगी देतात? आमची यंत्रंही झाकलेली. मी नाही म्हटलं. ते म्हणाले, मग उजव्या डोळ्याचं ऑपरेशन ते करणार नाहीत. मी त्यांना मनापासून रागावले. म्हटलं, मोतीबिंदू थांबत नाही, आणखी पिकेल, मग त्या डोळ्याने काहीच दिसणार नाही, वेडेपणा करू नका. ते म्हणाले, "तोवर तर दिसेल."

रीळ चालू होतं. ते डावा डोळा झाकून बसले होते, मी दोन्ही उघडे ठेवून. मला समोर तो निळा समुद्रच दिसत होता. शेजारच्या खुर्चीत मात्र माझी प्रिंट चालू होती, आणि ती बघू शकणारा जगात एकच माणूस होता.